आठ सेकंदांसाठी आर्मरी : कुठे बसायचं, काय न्यायचं

आमच्या मंडळाच्या ग्रुपवर दर जानेवारीत कुणीतरी विचारतंच : मुलीची मीट (शाळांची धावण्याची स्पर्धा) न्यूयॉर्कच्या आर्मरीत, त्या छपराखालच्या ट्रॅकवर आहे, जावं का, गाडी न्यावी का, एवढं काय असतं तिथे? माझा हा तिसरा हिवाळा. लेक शाळेकडून ६० मीटर धावते. तेव्हा एकदाच सगळं लिहून टाकते.

आधी जाण्याचं. न्यू जर्सीतल्या आमच्या एडिसनहून गाडीने गेलात तर जॉर्ज वॉशिंग्टन पुलाचा टोल भरा आणि मग पार्किंगसाठी गल्ल्या पिंजत बसा. पहिल्या वर्षी आम्ही तो शहाणपणा केला. शेवटी एका गॅरेजवाल्याने जे पैसे घेतले, त्यात घरी जेवायला चार माणसं बोलावता आली असती. आता ट्रेनने पेन स्टेशन आणि तिथून सबवेची 'ए' गाडी. एकोणसाठ नंबरच्या स्टॉपनंतर ती थेट १२५ला थांबते, आणि १६८ला उतरलं की आर्मरी चालत दोन मिनिटांवर. दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी गाडीतच उरकायची.

इमारत बघून दचकायला होतं. विटांची, किल्ल्यासारखी. १९११ची आहे. मुळात लष्करी पलटणीसाठी बांधलेली. आर्मरी म्हणजे शस्त्रागार, नाव त्यावरूनच. १९८०च्या दशकात इथे बेघर माणसांची वस्ती होती. १९७४ची न्यूयॉर्क मॅरेथॉन जिंकलेले डॉ. नॉर्बर्ट सँडर मागे लागले आणि १९९३मध्ये इथे पुन्हा धावणं सुरू झालं. २०१२पासून मिलरोज गेम्स ही नावाजलेली इनडोअर स्पर्धा मॅडिसन स्क्वेअर गार्डन सोडून इथेच होते. म्हणजे ज्या पट्ट्यावर जगातले नामांकित धावपटू पळतात, त्याच पट्ट्यावर आमची नववीतली पोरगी. साताऱ्यात शाहू स्टेडियमच्या मातीत, फक्कीने आखलेल्या लेनमध्ये, क्लॅपरच्या आवाजावर अनवाणी धावलेल्या माझ्यासारखीला हे पचायला दोन मीट लागल्या.

ट्रॅक दोनशे मीटरचा, वळणावर चांगला उचललेला. विहिरीतल्या मोटारसायकलवाल्याची आठवण यावी इतका. पण साठ मीटरवाल्यांना त्या वळणाशी घेणंदेणं नाही. त्यांची सरळ पट्टी मधोमध असते. छपराखाली शंभर मीटर सरळ धावून वर थांबायलाही जागा कुठून आणणार? म्हणून साठ. शेवटच्या रेषेपुढे थोडी मोकळी जागा आणि मग जाड गाद्या. पोरं त्यांवर धाडकन आदळतात. पहिल्यांदा पाहताना मी किंचाळले होते. लेक मात्र उठून हसत होती.

आता मुख्य मुद्दा, बसायचं कुठे. सगळे पालक फिनिशजवळ गर्दी करतात. मीही केली. चष्मा पर्समध्ये होता, तो काढेपर्यंत बंदूक वाजली आणि चष्मा नाकावर चढला तेव्हा लेक गादीत होती. साडेतीन तास प्रवास आणि वाट बघणं, आणि मी पाहिलं काय, तर गादी. 'आई, पाहिलंस ना?' या प्रश्नाला मी काय उत्तर दिलं ते विचारू नका.

त्यानंतर मी स्टार्टच्या बाजूला बसते. साठची शर्यत तिथेच घडते. 'सेट' म्हटल्यावर एवढा गजबजलेला हॉल एकदम गप्प होतो, आठ पोरींची कंबर वर जाते, आणि बंदुकीनंतर ब्लॉकवरून (पाय रेटायच्या लोखंडी ठोकळ्यावरून) पाय सुटल्याचा खण्ण आवाज छातीत येतो. पहिली सहा-सात पावलं मान खाली. इथे हुकलं की सावरायला पुढे रस्ताच नाही. ग्लासगोला २०२४च्या जागतिक इनडोअर स्पर्धेत अमेरिकेच्या ख्रिश्चन कोलमनने ६.४१ सेकंदांत साठ मारली, त्याचाच देशबंधू नोआ लाइल्स ६.४४ने दुसरा. त्याच उन्हाळ्यात पॅरिस ऑलिंपिकमध्ये तोच लाइल्स तीस मीटरपर्यंत आठांत शेवटचा होता आणि शंभर मीटरचं सुवर्ण घेऊन गेला. त्याला साठच्या पुढची ती चाळीस मीटर मिळाली. माझी लेकही त्याच जातीची, उशिरा तापणारी. म्हणून साठ तिला छळते, आणि म्हणूनच मला वाटतं तिने ती धावावी.

बुटांचं नीट वाचा. इथे स्पाइक्सला (धावायच्या खिळ्यांच्या बुटांना) फक्त पाव इंची, पिरॅमिडच्या आकाराचे खिळे चालतात. मी ज्या ऑनलाइन दुकानातून बूट मागवले त्यांनी सुईसारखे लांब खिळे बसवून पाठवले, आणि हे आमच्या लक्षात आलं आदल्या रात्री साडेदहाला. फोन कुणी उचलेना. शेवटी टीममधल्या मैत्रिणीच्या बाबांनी जास्तीचे खिळे दिले आणि मी स्वयंपाकघराच्या ओट्यावर पाना घेऊन चौदा खिळे बदलले. दुकानाला शून्य तारे. मैत्रिणीच्या बाबांना कंदी पेढे.

पाणी भरपूर न्या. हिवाळ्यात बंद हॉलची हवा कोरडी, जोरात धावून आलेली पोरं हमखास खोकतात. आमच्या डब्यात खडीसाखर असते. बसायला उशी आणि वाचायला काहीतरी असू द्या. शाळांच्या मीट म्हणजे हीटमागून हीट (प्राथमिक फेऱ्या), दिवस सरतो. मध्ये पाय मोकळे करायला बाहेर पडा. वस्ती डोमिनिकन लोकांची. रस्त्यावर गरम एम्पनाडा मिळतात, आपल्या करंजीची तिखट मावसबहीण म्हणा. चीजचा घ्या.

माझ्याकडून पाचपैकी पाच. या शनिवारी मी स्टार्टपाशी होते, चष्मा सकाळपासून नाकावर. लेक ८.१९, तिची आजवरची सर्वांत चांगली वेळ. फायनलपासून कोसभर लांब, पण पहिलं पाऊल अखेर वेळेवर पडलं, आणि ते मी पाहिलं.

व्हिडिओ साताऱ्याला आमच्या पीटीच्या सरांना पाठवला. सर आता ऐंशीच्या घरात. तासाभराने उत्तर आलं : 'पोरगी झकास सुटली. पण बाकीचे चाळीस मीटर कुठं गेले?'

मी लिहिलं, 'बर्फाखाली आहेत, सर. एप्रिलात पाठवते.'