पेन त्याचं, सही मामांची

कचेरीबाहेर टेबल टाकून अर्ज लिहून देणारे लोक अजूनही दिसतात. चार पैसे घेतात, पण लिहिलेलं कागदावर राहतं. हल्ली लिहिणाऱ्यांची दुसरी एक जमात घरी येऊ लागली आहे. ती कर्जाचा फॉर्म फुकट भरून देते, चेकही स्वतःच लिहिते, आणि तिची शाई गरम केली की उडून जाते. आमच्या मामांचे एकोणपन्नास हजार असेच गेले.

मामांची सांगलीजवळ पिठाची गिरणी आहे. मोटर बदलायची होती, तेवढ्यात कमी व्याजाच्या कर्जाचा फोन आला. दुसऱ्या दिवशी पोरगा दारात हजर. गळ्यात एका मोठ्या बँकेचं ओळखपत्र, हातात फाइल, तोंडात साखर. दोन चेक लागतील म्हणाला, एक कॅन्सल केलेला आणि एक पंधराशेचा, फीसाठी. “काका, तुमचे हात पिठाचे, मीच लिहितो.” त्याने बँकेचं नाव लिहिलं, रक्कम अक्षरी-आकडी लिहिली, डाव्या कोपऱ्यात दोन रेघा मारून चेक क्रॉस केला, म्हणजे पैसे रोख न मिळता खात्यातच जातील, आणि छापलेला ‘बेअरर’ (चेक आणेल त्याला पैसे द्या) हा शब्द खोडला. मामी बघत होत्या, त्यांनाही वाटलं की पोरगं काळजीने काम करतंय. मग तो म्हणाला, “सही मात्र तुमच्या नेहमीच्या पेनाने करा हं, बँकेत सही जुळवतात.”

सगळी मेख या एका वाक्यात आहे. ऐकायला किती जबाबदारीचं वाटतं!

संध्याकाळी गरम केल्यावर चेकवर फक्त मामांची सही उरली असणार. नाव गेलं, रक्कम गेली, क्रॉसच्या रेघा गेल्या, ‘बेअरर’वरची काटही गेली. म्हणजे सही केलेला कोरा बेअरर चेक. त्यावर कुणातरी भलत्याच माणसाचं नाव आणि ४९,००० रुपये लिहून दुसऱ्या दिवशी काउंटरवरून रोख पैसे नेले. आकडाही बघा कसा बेतलेला! पन्नास हजार आणि त्यावरच्या चेकचा तपशील खातेदाराने बँकेला आधी कळवून ठेवायची ‘पॉझिटिव्ह पे’ची सोय १ जानेवारी २०२१ पासून आहे. त्याच्या आत राहिलं की तो प्रश्नच येत नाही.

बँकेत मामांना जे ऐकावं लागलं ते पैशांपेक्षा जास्त लागलं. सही तुमचीच आहे ना? मग आम्ही काय करणार? घरातसुद्धा कुजबुज झाली की मामांनी कोऱ्या चेकवर सही दिली असेल आणि आता लपवतायत. पोराने दिलेली हाताने लिहिलेली पावती होती, ती तक्रारीसाठी जपावी म्हणून मामेबहीण लॅमिनेशनला घेऊन गेली. मशीनमधून कागद बाहेर आला तो कोरा! शिक्का आणि छापील मजकूर तेवढा शाबूत. दुकानदाराला वाटलं मशीन बिघडलं.

ही शाई मुळात खोडता येणाऱ्या पेनांची, विद्यार्थी वापरतात ती. साधारण साठ अंशांच्या पुढे तापली की तिच्यातला रंग दिसेनासा होतो. लायटर, इस्त्री, केस वाळवायचं मशीन, काहीही चालतं. पण रंग कागदावरून जात नाही, नुसता लपतो, आणि कडक थंडी मिळाली की परत येतो. म्हणून बहिणीने पावती रात्रभर फ्रीझरमध्ये ठेवली. सकाळी ‘रु. १५००/- फक्त’ फिकट का होईना, वाचता येत होतं. मामा ते वाचून रडले. तीच पावती आता पोलिसांकडे आहे. तुमच्यावर अशी वेळ आली तर मूळ चेकवर असले प्रयोग घरी करू नका, तो तपासणीसाठी जसाच्या तसा राहू द्या.

पेन बघून ओळखू म्हणाल तर विसरा, रिफिल कुठल्याही साध्या पेनात बसवता येते. चेकवर आपलं बॉलपेन, आपलं अक्षर, बस्स. मराठीत लिहिलेलाही चालतो. कॅन्सल चेकवर सही करायचीच नाही, तिथे सहीचं काही काम नसतं. मामांनी त्यावरही केली होती. तो चेक निदान पेमेंट थांबवून वाचवला.

कायदा बँकेच्या बाजूने बराच झुकलेला आहे. चेकचा कायदा १८८१ चा, आणि त्याच्या ८९ व्या कलमात क्रॉसिंग पुसून टाकलेल्या चेकचासुद्धा विचार केलेला आहे: पुसल्याचं दिसत नसेल आणि बँकेने हलगर्जी न करता पैसे दिले असतील, तर बँक सुटते. मामांचं भांडण आता त्या हलगर्जीवर आहे. पैसे नेणाऱ्याचं ओळखपत्र घेतलं का, काउंटरवरचं चित्रण जपलंय का, मूळ चेक कुठे आहे, हे सगळं लेखी विचारलंय. तीस दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे फुकट तक्रार करता येते, त्याचे कागद बहीण जमवते आहे.

दरम्यान मिरजेत आमच्या ओळखीच्या एका बेकरीवाल्याला तसाच फोन आला. बँकेचं नाव दुसरं होतं, कर्ज ओव्हनसाठी होतं, आणि चेकबुक तेवढं हाताशी ठेवा असं सांगितलं होतं.