उजवा रकाना आधी वाचा : डिजिटल फ्लोरेंटाइन कोडेक्स

अझ्टेकांबद्दल आपण जे वाचतो, त्यातलं बरंचसं त्यांना हरवणारा स्पॅनिश सेनानी कोर्तेस आणि त्याच्या सोबत्यांच्या लेखणीतून आलेलं असतं. हरलेल्या बाजूने काय पाहिलं, हे त्यांच्याच भाषेत वाचायचं असेल तर सुरुवात करायला गेटी रिसर्च इन्स्टिट्यूटची ही मोफत साइट सगळ्यांत चांगली आहे. ती ऑक्टोबर 2023 मध्ये खुली झाली. मूळ हस्तलिखित, म्हणजे मेक्सिकोतल्या अझ्टेकांच्या जगावरचा सोळाव्या शतकातला फ्लोरेंटाइन कोडेक्स, इटलीतल्या फ्लोरेन्सच्या मेडिचेआ लॉरेन्झियाना ग्रंथालयात आहे: तीन खंड, बारा पुस्तकं, जवळजवळ अडीच हजार चित्रं. त्याच्या पानांचे फोटो 2012 पासून इंटरनेटवर होतेच, पण त्यात शोध घेता येत नव्हता. सोळाव्या शतकातलं हस्ताक्षर ज्याला लागत नाही, त्याला त्यांचा काडीचा उपयोग नव्हता. आता पानाचं चित्र, स्पॅनिश आणि अझ्टेकांची नाउआत्ल या दोन्ही भाषांचा टंकलिखित मजकूर आणि इंग्रजी भाषांतर एकत्र दिसतं.

या कामावर नाव असतं फ्रान्सिस्कन पाद्री बेर्नार्दिनो दे साहागुन यांचं. ते तेवढ्यावर सोडणं अन्यायाचं आहे. अझ्टेक राजधानीला जोडून असलेल्या त्लातेलोल्कोच्या सांता क्रूस विद्यालयात लॅटिन, स्पॅनिश आणि नाउआत्ल शिकलेल्या नाउआ, म्हणजे नाउआत्ल बोलणाऱ्या स्थानिक, विद्वानांनी म्हाताऱ्या जाणत्यांना प्रश्न विचारले, उत्तरं लिहून घेतली, मजकूर घडवला. त्यांतल्या काहींची नावं साहागुन यांनीच नोंदवली आहेत: आस्कापोत्साल्कोचे अंतोनियो वालेरियानो, क्वाउतित्लानचे अलोन्सो वेखेरानो आणि पेद्रो दे सान बुएनाव्हेंतुरा, त्लातेलोल्कोचे मार्तिन हाकोबिता. साइट या मंडळींना लेखक म्हणून मान देते, आणि ते अगदी योग्य आहे.

प्रत्येक पानावर दोन रकाने आहेत. डावीकडे स्पॅनिश, उजवीकडे नाउआत्ल. स्पॅनिश हे नाउआत्लचं शब्दशः भाषांतर नाही. कुठे सारांश, कुठे टिपण, कुठे चक्क गाळलेलं. म्हणून तो मजकूर आखूड पडतो आणि बहुतेक चित्रं डाव्या रकान्यातल्या मोकळ्या जागेत बसलेली दिसतात. साइटवर दोन्ही रकान्यांची भाषांतरं वेगवेगळी मिळतात. उघडताना आपण कुठलं वाचतोय हे आधी तपासा. नवा वाचक इथेच फसतो: स्पॅनिशवरून केलेलं इंग्रजी वाचतो आणि त्यालाच मेशिकांची, म्हणजे अझ्टेकांची, बाजू समजतो.

हा फरक किती मोठा आहे हे पाहायचं तर बारावं पुस्तक उघडा. संपूर्ण पुस्तक स्पॅनिश आक्रमणावर आहे, 41 अध्यायांचं. त्यातला बारावा अध्याय घ्या. अझ्टेक राजा मोतेकुसोमाचे दूत डोंगरखिंडीत स्पॅनिशांना सोन्याच्या पताका, केत्साल पक्ष्याच्या पिसांच्या पताका आणि सोन्याचे हार देतात. स्पॅनिश रकाना सांगतो की पाहुणे फार खूश झाले आणि त्यांनी त्याची कदर केली. नाउआत्ल रकाना सांगतो की त्यांनी माकडांसारखं ते सोनं उचललं, डुकरांसारखी त्यांना सोन्याची भूक लागली होती. प्रसंग तोच, पान तेच. सोन्याला नाउआत्लमध्ये तेओकुइत्लात्ल म्हणतात, म्हणजे देवाची विष्ठा, हे लक्षात ठेवून वाचलं की ती उपमा आणखी बोचते.

शब्दांकडे असंच थांबून पाहण्यासारखं पुष्कळ आहे. सातव्या अध्यायात दूत परत येऊन हकीगत सांगतात. घोड्यासाठी शब्द नाही, म्हणून तो मासात्ल, म्हणजे हरीण. छपराइतकी उंच हरणं, आणि त्यांच्या पाठीवर माणसं. बंदूक-तोफेसाठी त्लेकिकिस्त्ली, म्हणजे आगीचा शंख. हे अडाण्याचं गोंधळणं नाही. न पाहिलेली वस्तू हाताशी असलेल्या शब्दांत नेमकी पकडण्याचं ते कसब आहे.

अध्याय 19 आणि 20 लागोपाठ वाचा. पहिल्यात तोश्कात्ल सणासाठी राजगिऱ्याच्या पिठातून विट्सिलोपोच्त्ली या देवाची मूर्ती कशी घडवायची, ती कशी सजवायची, हे सावकाश, एकेक दागिना मोजत सांगितलंय. दुसऱ्यात त्याच सणात स्पॅनिशांनी केलेली मे 1520 ची कत्तल येते: ढोल वाजवणाऱ्याचे आधी हात तोडले, मग डोकं. पहिला अध्याय तपशिलाने लांबलाय म्हणून गाळला, तर दुसऱ्यात नेमकं काय उद्ध्वस्त झालं ते कळतच नाही.

अध्याय 29 देवीच्या साथीचा. साठ दिवस चाललेली साथ. रोग्यांना कूस बदलता येईना, पालथं होता येईना, हललं की किंकाळी. कितीतरी माणसं रोगाने नव्हे, भुकेने मेली, कारण अन्न द्यायला कुणी उभंच नव्हतं. इथलं चित्र पूर्ण मोठं करून पाहा. चटयांवर फोडांनी भरलेली शरीरं, शुश्रूषा करणारी एक बाई, आणि तिच्या तोंडासमोर बोलण्याची खूण असलेली छोटी वळणदार रेघ. या पुस्तकातली बहुतेक चित्रं नुसत्या काळ्या शाईची आहेत. 1576 मध्ये, ती काढली जात असताना, मेक्सिको शहरात पुन्हा भयंकर साथ आली होती आणि रंग मिळेनासे झाले होते. आधीच्या पुस्तकांतली चित्रं रंगीत आहेत, त्यांच्याशी ताडून पाहा.

आता अडचणी. इंटरफेस इंग्रजी आणि स्पॅनिशमध्येच आहे. मोबाइलवर पानाचं चित्र आणि मजकूर एकत्र बघणं जिकिरीचं होतं. मोठा पडदा हवा. नाउआत्लवरचं भाषांतर अँडरसन आणि डिबल यांचं, गेल्या शतकातलं, भाषणांमध्ये मुद्दाम जुन्या वळणाचं. ते हळू वाचावं लागतं. नाउआत्ल मजकुरात शोधताना स्पेलिंगचा घोळ होतो: आजची पुस्तकं जिथे एच-यू लिहितात तिथे हस्तलिखितात व्ही किंवा यू दिसतो, झेडऐवजी शेपटीचा सी (ç) येतो. एका रूपाने काही सापडलं नाही तर दुसरं टाका. उच्चारासाठी एवढंच पुरे: एक्स म्हणजे श, झेड म्हणजे स. मेक्सिका नव्हे, मेशिका.

सगळ्यांत मोठी सावधगिरी साइटची नाही, मजकुराची आहे. स्पॅनिश विजयाची ही हकीगत पहिल्यांदा 1555 च्या सुमारास लिहिली गेली, म्हणजे घटनेनंतर तीसेक वर्षांनी, त्लातेलोल्कोच्या म्हाताऱ्यांच्या तोंडून आणि एका पाद्र्याच्या देखरेखीखाली. म्हणून त्लातेलोल्कोचे योद्धे शूर दिसतात आणि मोतेकुसोमा भेदरलेला. सुरुवातीचे आठ अपशकुन हे मागाहून लावलेलं स्पष्टीकरण म्हणूनच वाचावेत. राजधानीला पडलेल्या वेढ्याचं वर्णन मात्र गल्ली, कालवे, पूल यांच्या नावांनिशी येतं आणि पाहिलेल्याचं वाटतं. ही सगळ्या मूळ लोकांची एकमुखी बाजूही नव्हे: शेजारच्या त्लाश्काला राज्याचे लोक कोर्तेसच्या बाजूने लढले आणि त्यांनी आपली गोष्ट ‘लिएन्सो दे त्लाश्काला’ या चित्रांच्या कापडी पटावर वेगळ्याच अभिमानाने रंगवली.

वेळ कमी असेल तर 12, 20, 29 आणि 41 हे चार अध्याय वाचा. 13 ऑगस्ट 1521 ला शेवटचा अझ्टेक राजा क्वाउतेमोक पकडला जातो, शहर पडतं, तरी पुस्तक तिथे संपत नाही. शेवटच्या अध्यायात कोर्तेस हरलेल्या राजांना समोर बसवून विचारतो, मेक्सिकोत एवढंच सोनं होतं का? मग दोन्ही हातांनी गोल करून दाखवतो: एवढे दोनशे तुकडे आणा. त्यावर उत्तर येतं, कदाचित एखाद्या बाईने नेसूत लपवून नेलं असेल.