कमोडपुढचं पायाचं स्टूल: पावसाळा ते होळी वापरल्यानंतर

आधी निकाल सांगून टाकते, म्हणजे घाईत असलेल्यांची सुटका होईल. कमोडवर बसताना पायाखाली घ्यायचं ते प्लास्टिकचं स्टूल खरंच काम करतं. पण हजारभर रुपये टाकले की बद्धकोष्ठ जाईल, असं ज्यांना वाटतंय त्यांनी ते पैसे पालेभाजी आणि पेरूवर घालवावेत.

आमच्या जुन्या घरात उकिडवं बसायचा संडास होता. फ्लॅटमध्ये आलो तर दोन्हीकडे कमोड. सासूबाईंच्या गुडघ्यांसाठी तेच बरं होतं, तरी पहिल्याच आठवड्यात त्या म्हणाल्या, ‘‘खुर्चीवर बसून कुठे परसाकडे होते का गं? बसल्यासारखं वाटतच नाही.’’ मी हसले होते. नवऱ्याचा मुक्काम आत वीस-वीस मिनिटं पडायला लागला आणि दुसरीतला मुलगा ‘झाली नाही’ म्हणून तसाच शाळेत जायला लागला, तेव्हा हसू थांबलं. जूनमध्ये स्टूल मागवलं.

त्यामागचं शास्त्र सोपं आहे. मोठ्या आतड्याच्या शेवटच्या टप्प्याला एका स्नायूचा फास असतो, प्युबोरेक्टॅलिस त्याचं नाव. आपण उभे असू किंवा खुर्चीत बसलेले असू, तेव्हा तो फास ओढून धरतो आणि मार्गाला बाक येतो, बागेतल्या पाइपला मुरड पडावी तसा. म्हणून तर आपल्याला ‘धरून’ ठेवता येतं. गुडघे पोटाजवळ आले की तो सैल पडतो आणि बाक बराच सरळ होतो. उकिडवं बसलं की हे आपसूक होतं. कमोडवर मांड्या जमिनीला समांतर राहतात, बाक बऱ्यापैकी कायम राहतो आणि उरलेलं काम कुंथून करावं लागतं.

यावर अभ्यासही झालेत. इस्रायलमधल्या एका संशोधकाने 2003 साली 28 जणांना वेगवेगळ्या पद्धतीने बसवून वेळ मोजायला लावली. उकिडवं बसून सरासरी 51 सेकंद लागले, नेहमीच्या उंचीच्या कमोडवर 130. अमेरिकेतल्या ओहायो स्टेट विद्यापीठाने 2019 मध्ये 52 जणांना चार आठवडे निरीक्षणाखाली ठेवलं. स्टूल वापरल्यावर 71 टक्के लोक म्हणाले लवकर आटोपतं, 90 टक्के म्हणाले जोर कमी लावावा लागतो. आकडे भारी वाटतात, पण माणसं मूठभर, आणि नोंदी ज्याच्या त्याने स्वतःच केलेल्या. शिवाय यातून मूळव्याध बरी होते असं कुठेच सिद्ध झालेलं नाही. विकणारे मात्र खोक्यावर ते बिनधास्त छापतात. आमच्याही खोक्यावर होतं.

आता प्रत्यक्षात काय झालं ते. सुरुवातीचे चार-पाच दिवस अवघडल्यासारखं होतं. पाय वर, पाठ मागे, आपण नक्की काय करतोय असं वाटत राहतं. मग जमलं ते असं: तळवे पूर्ण टेकलेले, गुडघे कमरेपेक्षा वर, कोपरं मांड्यांवर आणि थोडं पुढे झुकून बसायचं. श्वास कोंडून जोर लावायचा नाही, पोट सैल सोडून सावकाश श्वास सोडायचा. ही शेवटची गोष्ट स्टूलइतकीच कामाची निघाली. ‘अजून थोडं राहिलंय’ ही रुखरुख माझी तरी गेली, आणि ती गेली की दिवसभर किती हलकं वाटतं ते ज्याला त्रास आहे त्यालाच कळेल.

नवऱ्याच्या बाबतीत स्टूलने काहीही फरक पडला नाही, कारण तो फोन घेऊन बसतो. पाय वर घेऊन अजून आरामात बसायला लागला, एवढंच. बॉस्टनच्या एका रुग्णालयातला 2025 चा अभ्यास त्याला वाचून दाखवला. कोलोनोस्कोपीला, म्हणजे मोठ्या आतड्याच्या आतून कॅमेऱ्याने होणाऱ्या तपासणीला आलेल्या 125 जणांमध्ये, जे संडासात फोन वापरत होते त्यांच्यात मूळव्याधीची शक्यता 46 टक्क्यांनी जास्त आढळली. फोनमुळेच ती होते असं त्यावरून ठरत नाही, पण कमोडच्या मध्ये भोक असलेल्या सीटवर उगाच बसून राहिलं की खालच्या शिरांवर ताण येतो, हे डॉक्टर पूर्वीपासून सांगत आलेत. अभ्यास ऐकून तो म्हणाला, ‘‘बरं.’’ फोन बाहेर राहायला लागला तो वायफाय तिथपर्यंत पोचेनासं झालं तेव्हापासून. राउटर मी हलवला होता.

खरा उपयोग झाला तो मुलाला, आणि याचा विचार मी घेताना केलाच नव्हता. मोठ्यांच्या कमोडवर लहान मुलाचे पाय लोंबकळतात. पाय अधांतरी असले की पडू नये म्हणून अंग आवळलं जातं, आणि आवळलेल्या अंगाने संडास होणार कशी? त्यात शाळेतल्या संडासाला कडी नाही, बऱ्याचदा पाणी नाही, म्हणून पोरं दिवसभर दाबून ठेवतात. दाबलं की आतलं पाणी शोषलं जाऊन खडा होतो, खडा झाला की दुखतं, दुखलं की पुढच्या वेळी आणखी दाबतात. हे चक्र वाढलं तर चड्डी खराब व्हायला लागते आणि घरचे त्यालाच रागावतात. आमच्या बालरोगतज्ज्ञांनी सांगितलं की नाश्त्यानंतर रोज पाच-सात मिनिटं बसवा, झालं तर झालं, ओरडायचं नाही. पोटात अन्न पडलं की मोठं आतडं आपोआप चाळवतं, सकाळी तर जास्तच. त्यामुळे आता पोहे, मग स्टूल, मग शाळा. पाय टेकायला लागल्यापासून त्याने काठ घट्ट धरणं सोडलं, हे मी दारातून रोज बघत होते.

सासूबाईंना मात्र हे चाललं नाही. आमचं स्टूल नऊ इंची आहे आणि दुखऱ्या गुडघ्यांना तेवढी घडी सोसत नाही. उठतानाही पाय आधी स्टूलवरून खाली घ्यावे लागतात, ओल्या फरशीवर म्हाताऱ्या माणसाला ते धोक्याचंच. त्यांनी देवघरातला जुना बुटका पाट नेऊन ठेवला आणि त्यावर त्या खूश आहेत. (पाट परत देवघरात जाणार नाही, हे मी लगेच जाहीर केलं.) त्यांचा कोठा जड होण्यामागे लोहाच्या आणि कॅल्शियमच्या गोळ्याही होत्या, दोन्हींनी बद्धकोष्ठ होऊ शकतं. डॉक्टरांनी गोळी बदलून दिली, रात्री इसबगोल सुरू केलं. इसबगोल घेताना मोठा पेलाभर पाणी हवंच, नाहीतर ते आतच घट्ट होऊन बसतं. त्यांच्या कपाटात कुठलंसं ‘पोट साफ’ चूर्ण होतं. असल्या बऱ्याच चूर्णांत सोनामुखी ही जुलाबाची वनस्पती असते. ती अधूनमधून ठीक, पण वर्षानुवर्षं रोज घ्यायची ती वस्तू नव्हे.

रोज झालीच पाहिजे हा हट्टही सोडावा. दिवसातून तीनदा ते आठवड्यातून तीनदा, यातलं काहीही ठीक असू शकतं. वेळांपेक्षा स्वरूप बघावं. ब्रिस्टल विद्यापीठातल्या डॉक्टरांचा सात प्रकारांचा तक्ता आहे, पहिला प्रकार शेळीच्या लेंड्यांसारखा आणि सातवा निव्वळ पाणी. तिसरा-चौथा म्हणजे उत्तम. रक्त, डांबरासारखा काळा रंग, विनाकारण वजन उतरणं किंवा पन्नाशीच्या आसपास अचानक बदललेली सवय यातलं काही असेल तर स्टूल नाही, डॉक्टर गाठावा.

आता तक्रारी. वरून गुळगुळीत दिसणारं हे स्टूल खालून पोकळ आहे आणि आत प्लास्टिकच्या आडव्या पट्ट्या आहेत. गणपतीत सफाई करताना उलटं केलं तर प्रत्येक कोपऱ्यात बुळबुळीत गुलाबी थर, त्यात केस, आणि कडांना बोअरच्या पाण्याचे पांढरे क्षार. तो गुलाबी थर ओलाव्यात वाढणाऱ्या जिवाणूंचा असतो. वर पाय, आजूबाजूला उडालेले शिंतोडे, त्यामुळे ही वस्तू संडासाच्या भांड्याइतकीच घाण होते, फक्त दिसत नाही. आता दर रविवारी साबणाचं पाणी, जुना टूथब्रश आणि बाल्कनीतलं ऊन. संडास साफ करायचं ॲसिडचं द्रव्य आणि ब्लीच चुकूनही एकत्र वापरू नका, क्लोरीन वायू तयार होतो आणि आपल्या बंदिस्त संडासात तो जिवावर बेतू शकतो. खालचे रबरी तुकडे दिवाळीपर्यंत दोन निघून आले. ज्या दुकानदाराकडून मागवलं त्याने उत्तरच दिलं नाही. सायकलच्या ट्यूबचे तुकडे चिकटवलेत, मूळच्यापेक्षा घट्ट धरतात.

झाकण लावून फ्लश केल्याने विषाणू रोखले जातात असं मीही घरात सांगत फिरायचे. ॲरिझोना विद्यापीठाच्या 2024 च्या तपासणीत झाकणाने फारसा फरक पडला नाही, जंतुनाशकाने घासल्याने पडला. जेट स्प्रेचा जोर मात्र कमी ठेवा. फिशर (गुदद्वारापाशी पडलेली चीर) असलेल्याला तो फवारा झोंबतो, आणि बायकांनी व मुलींनी पाणी पुढून मागेच न्यायचं. भिंतीतला कॉक रोज बंद करा, नाहीतर त्या पाइपवर चोवीस तास दाब राहतो. आमच्या खालच्या मजल्यावर तो रात्री फुटला आणि दिवाणखान्यापर्यंत तळं झालं. साबणाने हात धुण्याबद्दल वेगळं सांगायला नको, पण ‘जेटनेच धुतलं ना’ म्हणत नुसते ओले करून निघणारे आमच्याही घरात आहेत.

घ्यायचंच असेल तर आधी पट्टी घेऊन कमोडच्या पायथ्याची पुढची रुंदी मोजा आणि स्टूलची खाच तेवढी आहे का बघा. भिंतीला टांगलेल्या कमोडखाली ते आरामात सरकतं, पण आमच्या दुसऱ्या संडासातलं भांडं खाली फुगीर आहे, तिथे ते चार बोटं पुढेच अडतं आणि पाय लांबवून बसावं लागतं. उंची पहिल्यांदा सात इंचीच घ्या. बुटक्या कमोडवर नऊ इंची घेतलं तर गुडघे हनुवटीला लागतात. लाकडी किंवा बांबूचं दिसायला छान असतं, पण आपल्याकडे फरशी सतत ओली असते, एका पावसाळ्यात ते फुगेल. आणि घरात उकिडवं बसायचा एक संडास शिल्लक असेल, गुडघेही साथ देत असतील, तर यातलं काहीच घेऊ नका.