अकरा घोडे, दोन फासे आणि डबाभर चिंचोके: आठ महिन्यांनंतर

डिसेंबरात ऑनलाइन मागवलेला हा घोड्यांच्या शर्यतीचा लाकडी पट आता आठ महिने वापरून झालाय. दर दुसऱ्या शनिवारी सहकारनगरातल्या आमच्या हॉलमध्ये तो उघडतो. माणसं कमीत कमी पाच, जास्तीत जास्त नऊ. घ्यावा का, असं बऱ्याच जणांनी विचारलं म्हणून एकदाच सविस्तर लिहितोय.

आधी खेळ काय आहे ते. पटावर अकरा लेन, 2 ते 12 नंबरच्या. दोन फासे टाकायचे, बेरीज येईल तो घोडा एक भोक पुढे. 7 सगळ्यात जास्त वेळा पडणार, म्हणून त्याला 17 भोकं चालायचीत. 6 आणि 8 ला 14, 5 आणि 9 ला 11, 4 आणि 10 ला 8, 3 आणि 11 ला 6. दोन्ही कडेच्या 2 आणि 12 ला फक्त तीन. पत्त्यांच्या कॅटमधून एक्के आणि राजे बाजूला काढायचे, उरलेले 44 पत्ते वाटून टाकायचे. गुलाम म्हणजे 11, राणी म्हणजे 12. हातात ज्या नंबरचे पत्ते, ते तुमचे घोडे.

शर्यतीआधी फासे टाकून चार घोडे बाद करतात. रेसवाले याला स्क्रॅच म्हणतात, आमच्याकडे घोडा पांजरपोळात गेला म्हणतात. पहिल्या बाद घोड्याचा दंड एक चिंचोका, दुसऱ्याचा दोन, असं चारपर्यंत. त्या नंबरचे पत्ते ज्याच्याकडे असतील त्याने पत्त्यामागे तेवढा दंड मधल्या गल्ल्यात टाकून पत्ते खाली टाकायचे. पुढे शर्यतीत ज्याच्या हातून त्या नंबरचं दान पडेल त्यानेही दंड भरायचा. शेवटी जिंकलेल्या घोड्याच्या चार पत्त्यांत गल्ला सारखा वाटायचा. दोन पत्ते असतील तर अर्धा गल्ला तुमचा. नियम सांगायला पाच मिनिटं लागतात, आणि त्यातली दोन हडपसरवाला मित्र उशिरा आल्यामुळे पुन्हा सांगण्यात जातात.

आता वस्तूबद्दल. फोटोत पट शिसवी दिसत होता. घरी आला तो हलकं लाकूड आणि वर गडद पॉलिश. मधून दुमडतो, बिजागऱ्या बऱ्या आहेत. घोडे धातूचे, खाली बारीक खुंटी, ती भोकात बसवायची. डिसेंबर ते मे काही तक्रार नव्हती. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात पाऊस लागला आणि लाकूड फुगलं. घोडा आत जाईना, गेला तर बाहेर येईना. 9 नंबरचा घोडा ओढताना खुंटी आतच राहिली आणि घोडा हातात आला. विकणाऱ्याला फोटो पाठवले, तर 'वापरामुळे झालेलं नुकसान' असं उत्तर. घोडा हलवणं याला वापर म्हणत असतील तर बरोबरच आहे त्यांचं.

उपाय आईने सांगितला. पावसाळ्यात कपाटाचा खण अडकायला लागला की आपण मेणबत्ती घासतो ना, तसं खुंट्यांना मेण लावलं. काम झालं. 9 च्या जागी आता बुद्धिबळातला काळा घोडा आहे. तो भोकात बसत नाही, नुसता वर उभा राहतो, आणि कोणी टेबलाला गुडघा लावला की आडवा होतो. आमच्याकडे नियम असा की घोडा पडला तर जिथे पडला तिथून पुढे, वाद नाही.

सोबत आलेले फासे टाकाऊ. इतके छोटे की सोफ्याखाली गेले की टॉर्च लागतो. पहिल्याच महिन्यात मोठे फासे आणले आणि ते परातीत टाकायला लागलो. दोन आठवड्यांत खालच्या मजल्यावरच्या आजोबांनी जिन्यात गाठून विचारलं, "रात्री अकरा वाजता तुमच्याकडे भांडी कोण घासतं?" तेव्हापासून परातीत नॅपकिन असतो.

खेळात डोकं चालवावं लागतं का? अजिबात नाही. मूळ नियमांनी खेळलात तर तुम्ही एकही निर्णय घेत नाही. पत्ते वाटून मिळतात, फासे पडतात, घोडे चालतात. सापशिडीला घोडे लावल्यासारखंच ते. हिंजवडीवाला मित्र एकदा त्याचा कॅमल अप घेऊन आला होता. उंटांचा खेळ, 2014 चा श्पील देस यारेस हा जर्मन पुरस्कार मिळालेला. त्यात उंट एकमेकांच्या पाठीवर बसतात आणि पैज कधी लावायची हे तुम्हाला ठरवावं लागतं. खेळ म्हणून तो उजवाच आहे, यात वाद नाही. पण त्या रात्री नऊपैकी चार जण विचार करत होते आणि पाच जण मोबाइल बघत होते. आमच्या पटावर फासे परातीत पडले की नऊच्या नऊ माना पुढे येतात. चूक कोणाचीच नसते, त्यामुळे कोणी कोणाला शिकवत नाही. पुण्यात ही सोय लहान नाही.

तरी तीनेक महिन्यांनी तोचतोचपणा यायला लागला होता. तेव्हा एका मित्राचे मामा कामाला आले. मामा आयुष्यभर रेसकोर्सला जाणारे. पुण्याचा रेसचा हंगाम पावसाळ्यात असतो, जुलैपासून ऑक्टोबरपर्यंत, मग सगळं मुंबईला महालक्ष्मीला जातं. त्यांनी आमचा पट बघितला आणि पहिला प्रश्न विचारला, "पैसे लावायचं कुठाय यात?"

त्यांनी टोट समजावून सांगितला. बुकी तुम्हाला भाव देतो, तो त्याच्या डोक्यातला. टोट म्हणजे भाव कोणी ठरवतच नाही. एका घोड्यावर, दुसऱ्या घोड्यावर, सगळ्यांनी लावलेले पैसे एका ठिकाणी जमा होतात, कर आणि क्लबचा हिस्सा कापला जातो आणि उरलेलं जिंकलेल्या घोड्यावर लावणाऱ्यांत वाटलं जातं. म्हणजे ज्या घोड्यावर सगळे तुटून पडतात तो जिंकला तरी हातात चिल्लर येते. याशिवाय पहिला येणारा सांगायचा विन, पहिल्या काहींत येणारा सांगायचा प्लेस, पहिले दोन क्रमाने सांगायचा फोरकास्ट, पहिले तीन क्रमाने सांगायचा टनाला, असे प्रकार आहेत. टनाला आम्ही एकदा करून बघितला. कोणालाच लागला नाही आणि हिशोबात अर्धा तास गेला.

साधा टोट मात्र टिकला. आमची पद्धत अशी: चार घोडे पांजरपोळात गेले की दोन मिनिटांचा गजर लावायचा. तेवढ्या वेळात प्रत्येकाने पाच चिंचोके हव्या त्या लेनसमोर मांडायचे, उघड. बघून बदलायची मुभा आहे. गजर वाजला की हात वर. हा गल्ला दंडाच्या गल्ल्यापेक्षा वेगळा ठेवायचा. एवढ्याने खेळ पालटला, कारण आता बाकीचे काय करतात याकडे बघावं लागतं.

मे महिन्यातली गोष्ट. एका मित्राच्या आई सांगलीहून आल्या होत्या. आम्ही आठ जण होतो, म्हणजे गल्ल्यात चाळीस चिंचोके. सत्ती शाबूत होती, त्यामुळे सव्वीस तिच्यावर. बाकीचे पंजी आणि अठ्ठीवर. काकूंनी पाचही दुर्रीवर ठेवले.

"काकू, अहो दोन पडायला दोन्ही फाशांवर एक्काच यायला लागतो. छत्तीसात एकदा."

"आणि चालायचंय किती?"

"तीन."

"मग तीनदा पडेल की. तुमच्या त्या सत्तीला सतरा वेळा पडायचंय."

दुर्री पहिल्या दहा दानांत एकदा हलली, मग बराच वेळ ढिम्म. सत्ती अकराव्या भोकात होती तेव्हा दुर्री दुसऱ्यांदा हलली आणि काकूंनी चष्मा पुसला. पुढच्या चौथ्या दानाला परातीत दोन एक्के. चाळीसच्या चाळीस चिंचोके काकूंच्या ओच्यात. सत्ती जिंकली असती तर आम्हाला एका चिंचोक्यामागे दीड मिळाला असता.

आमच्यातल्या सीएला हे सहन झालं नाही. त्याने कालनिर्णयच्या मागच्या पानावर हिशोब मांडला. 2 ला तीन घरं, छत्तीसात एकदा, म्हणजे पोचायला सरासरी 108 दानं. 7 ला 17 घरं, सहात एकदा, म्हणजे 102. 4 ला 96, 6 ला जवळपास 101. म्हणजे पट बनवणाऱ्याने सगळ्यांना जवळजवळ सारखं केलंय, आणि सरासरीने बघितलं तर 2 मागेच आहे. सीए खूश. पण शर्यत सरासरीला संपत नाही, जो पहिला पोचेल त्याच्यापाशी संपते, आणि आमची शर्यत साधारण साठेक दानांत आटोपते. ज्याला तीनच दानं हवीत त्याचं भलतंच लवकर किंवा भलतंच उशिरा होऊ शकतं. ज्याला सतरा हवीत तो इमानेइतबारे सरासरीच्या आसपासच राहतो. पुन्हा आकडेमोड केली तर साठ दानांत 2 पोचायची शक्यता शंभरात 23 निघाली, 7 ची शंभरात एक-दोन. सत्ती सगळ्यात जास्त हलते म्हणून ती जिंकतेय असं वाटतं, एवढंच.

हे कळल्यावर खेळ मेला असेल असं वाटेल. उलट झालं. आता सगळे दुर्री आणि राणीवर लावतात, त्यामुळे त्यांचा टोट पडलाय आणि चव्वी-दश्शीवर लावणं परवडायला लागलंय. दश्शीवर लावणारी एक मैत्रीण मात्र गणित म्हणून लावत नाही. तिचं बालपण मेंढीकोट खेळण्यात गेलंय, दश्शी दिसली की तिला सोडवत नाही.

एक सूचना मात्र कळकळीने करतो. खऱ्या पैशांनी खेळू नका. आम्ही मार्चमध्ये एकदा रुपयाच्या नाण्यांनी खेळलो. नेमकी सत्ती चौथी बाद झाली, म्हणजे दर सहा दानांमागे कोणीतरी चार रुपये भरणार. एकाच माणसाच्या हातून पाच वेळा सात पडले. वीस रुपये, भेळेच्या एका प्लेटचे पण नाहीत, पण तो जो गप्प झाला तो घरी जाईपर्यंत. चिंचोक्यांनी हेच झालं असतं तर त्याच्या नावाने अजून हसलो असतो. वर आमच्यातल्या वकिलाने ज्ञान दिलं की सर्वोच्च न्यायालयाने 1996 साली घोड्यांची शर्यत हा कौशल्याचा खेळ मानलाय, पण ते खऱ्या घोड्यांचं. "तुमच्या या लाकडी घोड्यांत कौशल्य दाखवायला मी कोर्टात उभा राहणार नाही." महाराष्ट्राचा जुगारबंदीचा कायदा 1887 चा आहे आणि अजून लागू आहे, हेही त्याने भेळ खाता खाता सांगितलं.

जुलैच्या शेवटी मामांबरोबर आम्ही पाच जण खऱ्या रेसकोर्सला जाऊन आलो, एम्प्रेस गार्डनच्या शेजारी. पाऊस भुरभुरत होता. शर्यतीआधी घोडे पॅडॉकमध्ये गोल फिरवतात तिथे मामा कठड्याला टेकून एकेकाचे पाय बघत होते. मी टोटच्या बोर्डाकडे बघत होतो, आकडे बदलत होते, आणि आपल्याला हे कळतंय याचा फाजील आनंद झाला होता. दोन नंबरच्या घोड्यावर लावले. तो शेवटून दुसरा आला. मामा म्हणाले, "इथे दोन नंबरला तीनच पावलं नसतात रे."

तर घ्यावा का? चौघांपेक्षा कमी असाल तर नको. दोघांत खेळलो तेव्हा बाद घोड्यांचा दंड याच्या खिशातून त्याच्या खिशात, बस. पाच ते नऊ जणांना, त्यात एखादी दहा वर्षांची पोर आणि एखाद्या काकू असतील, तर जरूर घ्या. घेताना खुंट्या बघा, शक्य तर दुकानात जाऊन एक घोडा भोकात घालून काढून बघा. पत्ते सोबत आलेले वापरू नका, बाकरवडीच्या हातांनी ते महिन्यात चिकटतात. किमतीच्या मानाने पाचपैकी साडेतीन, त्यातला एक पूर्ण मामांच्या टोटचा.

चिंचोक्यांचं सांगायचं राहिलं. जुलैत डबा उघडला तर आत पीठ आणि किडे. आठ महिन्यांची बँक एका रात्रीत बुडाली आणि कोणाचे किती होते यावर त्या दिवशी खेळापेक्षा जास्त चर्चा झाली. काकूंना सांगलीला फोन केला. त्या म्हणाल्या, "भाजून ठेवायचे होते, एवढं कळत नाही होय?" आता भाजलेले ठेवतो. अडचण एवढीच की हडपसरवाला डाव चालू असताना भांडवल खातो.