स्टाईलचा संग्रह: पिंटरेस्ट की चिकटवही?

आवडलेले कपडे, रंगसंगती, दागिने एका जागी जमवायला रत्नागिरी-मालवणकडे दोन वाटा आहेत: फोनवर पिंटरेस्ट या फोटो जमवायच्या ॲपचा बोर्ड (म्हणजे फोटोंचा संग्रह), नाहीतर जाड पानांची चिकटवही.

२०१० साली सुरू झालेल्या पिंटरेस्टचा वेग दांडगा. एक फोटो पिन केला, म्हणजे बोर्डवर जपला, की त्याच धाटणीचे ढीगभर समोर येतात. बोर्ड गुप्त ठेवता येतो, आत विभागही पाडता येतात. पण येतं त्यातलं बरंचसं थंड हवेतलं: लोकरीचे कोट, गुडघ्यापर्यंतचे बूट. आपल्या दमट उकाड्यात त्यांचं काय करायचं?

वहीत आपलंच येतं. आजीच्या नऊवारीच्या काठाचा तुकडा, शिंप्याकडे उरलेली चिंधी, सुरंगीच्या फुलांच्या वळेसराचा, म्हणजे गजऱ्याचा, फोटो आणि त्याखाली पेन्सिलीने ‘मोतिया कुर्त्यावर’. मुख्य म्हणजे कापड बोटांत धरता येतं. मलमल घाम टिपते, पॉलिस्टर अंगाला चिकटतं. किनाऱ्यावर राहणाऱ्याला रंगाआधी हे कळायला हवं, आणि स्क्रीन ते सांगत नाही.

वहीचा वैरी पावसाळा. रत्नागिरीत वर्षाला ३००० मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, कापडाला बुरशी धरते. मेमध्येच वही सुकवून घट्ट झाकणाच्या डब्यात, सिलिका जेलच्या पुड्यांसकट ठेवावी. पानांचे फोटो काढून गुप्त बोर्डवर चढवले की निर्धास्त.

माझा कौल वहीलाच. पिंटरेस्ट शोधायला चांगलं, पण लग्नाच्या खरेदीला जाताना वही पिशवीत हवी. ब्लाउजपीस निवडताना साडीची चिंधी थेट कापडावर ठेवून बघता येते, तीही दुकानाबाहेरच्या उजेडात.