कुस्कोतली इंका आकाशाची रात्र: तारांगणाच्या घुमटाखाली की उघड्या माळावर?

पेरूला जाणाऱ्या मराठी प्रवाशांच्या यादीत माचू पिचू ठरलेलंच असतं. त्याआधी कुस्कोत दोन-तीन रात्री मुक्काम होतो, आणि त्यातली एक संध्याकाळ इंकांचं आकाश समजून घेण्यासाठी ठेवावी असं अनेकांच्या मनात येतं. मग दोन वाटा समोर येतात. एक म्हणजे साक्सायवामान या इंकांच्या दगडी तटबंदीच्या बाजूला, शहराच्या वरच्या टेकडीवर असलेलं कुस्कोचं तारांगण. दुसरी म्हणजे गाडी करून मारास-मोराय पठारावर किंवा ओयांतायतांबोच्या खोऱ्यात जाऊन थेट आकाशाखाली बसणं. दोन्हींतून मिळणारी गोष्ट वेगळी आहे. कोणती वाट कुणासाठी, हे महिना, चंद्र आणि तुमचा उंचीवरचा कितवा दिवस आहे यावर ठरतं.

इंकांच्या आकाशाबद्दल एक गोष्ट आधी समजून घ्यावी, कारण निवड तिच्यावरच उभी आहे. आपण तारे जोडून आकृत्या करतो: मृग, वृश्चिक, सप्तर्षी. अँडीजमध्ये अशा आकृत्या आहेतच, पण त्यांच्या आकाशातले खरे प्राणी काळे आहेत. आकाशगंगा म्हणजे मायू, केचुआ भाषेत नदी. आपणही तिला गंगाच म्हणतो, त्यामुळे मराठी माणसाला हे लगेच पटतं. या नदीच्या उजेडात धुळीच्या ढगांमुळे जे काळे डाग पडतात, त्यांत लामा (उंटाच्या कुळातलं अँडीजमधलं जनावर), तिचं पिल्लू, कोल्हा, बेडूक, साप आणि युतु नावाचा तितरासारखा पक्षी दिसतो. त्रिशंकूला (सदर्न क्रॉस) चिकटून असलेला काळा डाग म्हणजे युतु. नरतुरंगातले (सेंटॉरस) मित्र आणि मित्रक हे दोन ठळक तारे म्हणजे लामाचे डोळे, आणि तिचं अंग तिथून वृश्चिकापर्यंत पसरलेलं. 1608च्या सुमारास लिहिलेल्या वारोचिरीच्या केचुआ हस्तलिखितात ही लामा, याकाना, मध्यरात्री समुद्राचं पाणी पिऊन टाकते आणि त्यामुळे जग बुडत नाही, अशी कथा आहे.

याचा व्यवहारातला अर्थ असा, की हे प्राणी दुर्बिणीतून दिसत नाहीत. दुर्बीण आकाशाचा चिमूटभर तुकडा दाखवते, आणि लामा हातभर पसरलेली आहे. ती नुसत्या डोळ्यांनी, काळ्याकुट्ट आकाशातच दिसते. म्हणून ‘मोठी दुर्बीण कुठे आहे’ या प्रश्नावरून जागा निवडू नये.

तारांगणातला कार्यक्रम साधारण तीन भागांचा असतो. आधी इंका खगोलाची तोंडओळख, मग घुमटाखालचा खेळ, आणि आकाश मोकळं असेल तर बाहेर दुर्बिणीतून दर्शन. घुमटाचं मोठं बळ म्हणजे वेळ. उघड्या माळावर आकाशगंगा एका रात्रीत कशी कुस बदलते हे पाहायला बारा तास जागावं लागेल. घुमटात ते काही मिनिटांत होतं. गॅरी अर्टन या मानववंशशास्त्रज्ञाने मोरायजवळच्या मिसमिनाय गावात राहून 1981 साली जे मांडलं, ते असं पाहिल्यावरच डोक्यात शिरतं: एका वेळी मायू एका तिरक्या दिशेने डोक्यावरून जाते, बारा तासांनी दुसऱ्या तिरक्या दिशेने, आणि दोन्ही मिळून आकाशाचे चार भाग पाडतात. इंका राज्यही चार सुयूंचं, म्हणजे चार विभागांचं होतं. दुसरं बळ म्हणजे आकृतीची रेघ. काळ्या डागात लामा पहिल्यांदा कुणालाच दिसत नाही. घुमटावर तिची बाह्यरेषा उमटते आणि विरते, तेव्हा मान कुठे संपते नि पाठ कुठे सुरू होते ते कळतं. एकदा कळलं की पुढे माळावर ती शोधावी लागत नाही.

उणीव एवढीच की तिथून खरं आकाश पूर्ण काळं दिसत नाही. कुस्को मोठं शहर आहे, त्याचा उजेड खालून वर येतो. बाहेरच्या दुर्बिणीत ओमेगा सेंटॉरी हा तारकागुच्छ, मित्र ताऱ्याचे वेगळे झालेले दोन घटक, त्रिशंकूतला ज्वेल बॉक्स हा गुच्छ आणि मोसमानुसार गुरू किंवा शनी असं सुंदर काहीतरी मिळतं. ते जरूर पाहावं, पण तो इंकांचा भाग नव्हे.

माळावरची रात्र याच्या बरोबर उलट. तिथे कुणी रेघ ओढून देत नाही, पण मायू खरोखर नदीसारखी दिसते आणि काळे प्राणी तिच्यात बुडी मारून बसलेले असतात. यासाठी जागेची निवड महत्त्वाची. ओयांतायतांबो 2,800 मीटरवर आहे, कुस्कोपेक्षा सहाशे मीटर खाली, त्यामुळे दम कमी लागतो आणि थंडीही किंचित कमी. पण खोरं अरुंद आहे, दोन्हीकडचे डोंगर क्षितिज खातात. मोराय-मारासचं पठार 3,300 ते 3,500 मीटरवर, चहूबाजूंनी मोकळं. क्षितिजापासून क्षितिजापर्यंत मायू पाहायची तर पठारच. मात्र मोरायच्या इंकाकालीन गोल पायऱ्यांत किंवा साक्सायवामानच्या भिंतींपाशी रात्री बसता येत नाही. ही स्थळं संध्याकाळी बंद होतात. त्यामुळे मिसमिनायसारख्या गावात स्थानिक लोकांकडे मुक्काम करणं किंवा मुक्कामाच्या जागेच्या अंगणातून पाहणं, हाच सरळ मार्ग. टॅक्सीने जात असाल तर जाण्या-येण्याचं आणि थांबण्याचं भाडं निघण्याआधीच ठरवा. रात्री पठारावर परतीची गाडी मिळत नाही, आणि कुस्कोचा रस्ता तास-दीड तासाचा आहे.

आता महिना. कुस्को भागातला कोरडा काळ मे ते सप्टेंबर. डिसेंबर ते मार्च हा जोराच्या पावसाचा. तेव्हा माळावरची रात्र ठरवणं म्हणजे पैसे ढगात घालणं. त्या दिवसांत तारांगणच घ्यावं. ढग असले तर दुर्बिणीचा भाग वगळून घुमटातला खेळ होतो.

कोरड्या काळातही संध्याकाळी सातला काय दिसेल ते महिन्यावर बदलतं. जूनच्या शेवटी सातला त्रिशंकू जवळपास दक्षिणोत्तर रेषेवर, क्षितिजापासून 43 अंशांवर उभा असतो. युतु पाहायला याहून चांगली वेळ नाही. मुंबईहून हाच त्रिशंकू सर्वांत वर आला तरी 11 अंशांपलीकडे जात नाही आणि युतु तर धुरकटातच विरतो, म्हणून महाराष्ट्रातल्या आकाशदर्शकांसाठी हे दृश्य मोलाचं. लामाचं अंग मात्र जूनमध्ये सातला अजून आग्नेयेला खाली असतं. ते नीट वर यायला रात्रीचे नऊ-दहा वाजतात. ऑगस्टच्या उत्तरार्धात सातलाच वृश्चिक डोक्यावर असतो आणि अख्खी लामा दिसते, त्रिशंकू मात्र नैर्ऋत्येकडे कललेला. लवकर झोपणाऱ्यांनी आणि मुलं बरोबर असणाऱ्यांनी ऑगस्ट-सप्टेंबर निवडावा.

कृत्तिका पाहायच्या असतील तर वेगळं गणित. अँडीजमध्ये त्यांना कोल्का म्हणतात, म्हणजे धान्याचं कोठार. जूनमध्ये त्या फक्त पहाटे, पूर्वेला दिसतात. 24 जूनच्या आसपास शेतकरी त्यांचा तेजस्वीपणा पाहून बटाट्याची लागवड कधी करायची ते ठरवतात: पुसट दिसल्या तर पाऊस उशिरा आणि कमी, म्हणून लागवड पुढे. ऑर्लव्ह, चियांग आणि केन या संशोधकांनी 2000 साली दाखवलं की यामागे कारण आहे. एल निन्योच्या वर्षी उंचावर विरळ ढगांचा पडदा जास्त असतो, तारे फिके पडतात, आणि पुढे पाऊसही कमी येतो. मृगाच्या पेरणीकडे डोळे लावून बसणाऱ्या आपल्या शिवारातल्या माणसाला हे ऐकवायलाच हवं. कोणत्याही संध्याकाळच्या कार्यक्रमात, तारांगणाच्या किंवा माळावरच्या, जूनमध्ये कोल्का खऱ्या आकाशात दिसणार नाहीत. त्यासाठी पहाटे पाचच्या आत उठून बाहेर या.

चंद्राचा हिशेब पंचांगाने सोपा होतो. संकष्टीला चंद्रोदय रात्री नऊच्या सुमाराला होतो हे घरोघर माहीत आहे. तेव्हापासून अमावास्या ओलांडून शुद्ध तृतीयेपर्यंतच्या संध्याकाळी काळ्या. शुद्ध पंचमी ते वद्य द्वितीया या काळात माळावर जाऊ नका. चंद्राने मायू पुसली जाते आणि काळे प्राणी त्यासोबत. ते दिवस तारांगणाचे. पेरू आपल्यापेक्षा साडेदहा तास मागे आहे, तेव्हा तिथीत एखाद्या दिवसाचा फरक धरा.

उंची हा सगळ्यांत दुर्लक्षित मुद्दा. लिमा समुद्रकाठी, कुस्को 3,400 मीटरवर, आणि विमान सव्वा तासात नेतं. पहिल्या संध्याकाळी डोकं दुखणं, मळमळणं, पायऱ्यांवर धाप लागणं नेहमीचं. त्या रात्री काहीच ठरवू नये. दुसऱ्या रात्री तारांगण, खोऱ्यात उतरल्यावर तिसऱ्या-चौथ्या रात्री माळ, हा क्रम शरीरालाही जमतो आणि समजुतीलाही. हॉटेलात मिळणारा कोकाच्या पानांचा चहा प्यायला हरकत नाही, पण ती पानं भारतात आणू नयेत. कायद्याने बंदी आहे.

जून-जुलैच्या रात्री पारा शून्याजवळ जातो. थर्मल, लोकरीची टोपी, हातमोजे आणि जाड मोजे तारांगणासाठीही लागतात, कारण दुर्बिणीचा भाग बाहेर असतो. माळावर पाठीखाली टाकायला जाड चटई न्या. उभं राहून वर पाहिल्यास दहा मिनिटांत मान अवघडते. डोळे अंधाराला सरावायला 20 ते 30 मिनिटं लागतात, आणि मोबाइलचा पडदा एकदा उघडला की मोजणी पुन्हा पहिल्यापासून. टॉर्चला लाल जिलेटीन कागद गुंडाळून न्या. लामा दिसली नाही अशी तक्रार करणाऱ्यांपैकी बहुतेकांचं याच पायरीवर चुकतं.

माहिती देणाऱ्याला एक प्रश्न जरूर विचारा: चकाना म्हणजे काय? पायऱ्यापायऱ्यांचा क्रूस म्हणजे त्रिशंकूच, असं हल्ली सर्रास सांगितलं जातं. सतराव्या शतकाच्या सुरुवातीच्या केचुआ शब्दकोशात मात्र चकाना हे मृगातल्या तीन ताऱ्यांचं नाव आहे. ज्याला हा फरक माहीत आहे त्याच्याकडून बाकीचंही विश्वासाने ऐकावं.

सूर्याचा भाग दोन्ही रात्रींत तोकडा पडतो. कुस्कोभोवतीच्या डोंगरांवर सूर्यास्त मोजायला उभारलेले खांब आता उरलेले नाहीत, आणि कोरिकांचा या कुस्कोतल्या इंका सूर्यमंदिरापासून चहूकडे निघणाऱ्या 41 सेके नावाच्या कल्पित रेषा व त्यांवरच्या 328 पूजास्थानांची व्यवस्था दिवसाउजेडी, कोरिकांचाच्या अंगणात उभं राहूनच कळते. तारांगणाच्या दिवशी दुपारी तिथे तासभर काढावा.

एकच रात्र हाती असेल तर निवड अशी: शुद्ध पक्ष मध्यावर असेल, पावसाळा असेल, कुस्कोतला दुसराच दिवस असेल किंवा घरातली वडीलधारी मंडळी बरोबर असतील तर तारांगण. मे ते सप्टेंबर, अमावास्येच्या आसपास, आणि अंगाला उंचीची सवय झालेली असेल तर पठार, पण जाण्याआधी हॉटेलात बसून लामाचं एक रेखाचित्र नीट पाहून ठेवा: डोळे मित्र-मित्रकावर, मान वृश्चिकाकडे, आणि पोटाखाली पिल्लू.