हातात दाणे की खात्यात पैसे?

आमच्या यवतमाळकडं शेजारच्या दोन घरांचा शिधा वेगळा असतो. अन्नसुरक्षा कायद्यातल्या घराला गहू-तांदूळ मिळतो, जानेवारी २०२३ पासून तोही मोफत. कायद्याबाहेरच्या केशरी कार्डाच्या शेतकऱ्याला मात्र आधी माणशी महिना ५ किलो धान्य मिळायचं, २ रुपये किलोनं गहू आणि ३ रुपये किलोनं तांदूळ. २०२३ मध्ये आत्महत्याग्रस्त १४ जिल्ह्यांत त्याऐवजी माणशी महिना १५० रुपये खात्यात टाकायचं ठरलं.

रोखीची जमेची बाजू खरी आहे. तेल, डाळ, लेकराचं औषध, जे लागेल ते घेता येतं. रेशन दुकानात मापाची कटकटही नाही.

पण ५ किलोचे १५० म्हणजे तेव्हा किलोला ३० रुपये धरले. भाव त्यापुढं गेला की फरक घरानंच सोसायचा. हातात आलेल्या दाण्यांना महागाई लागत नाही. बँक तालुक्याला, म्हणजे पैसे काढायला गेलं की त्या दिवसाची मजुरी बुडाली.

१९४३ च्या बंगालच्या दुष्काळाबद्दल अर्थतज्ज्ञ अमर्त्य सेन यांनी हेच दाखवलं. भाव मजुरीच्या पुढं पळाले आणि लाखो मजूर उपाशी मेले. आमच्याकडं तर ज्वारीची वावरं कपाशी-सोयाबीनखाली गेली. पिकवणाराच आता दाणे विकत घेतो. कापसाचा भाव पडला की त्याचं ताट रिकामं.

म्हणून मी धान्याच्या बाजूनं आहे. रोखच द्यायची तर ती बाजारभावाला बांधा. आणि धान्यात ज्वारी द्या, आमची भूक भाकरीची आहे.